लाखमी वरठाच्या तेवीस कॅसेट

मी, मधुमती गोविंद सामंत, माहेरची वर्दे, वय अठ्ठ्याहत्तर, राहणार क्लेमेंटी, सिंगापूर, हे पूर्ण शुद्धीवर आणि कोणाच्याही दबावाशिवाय लिहीत आहे. दबाव आला होता. मी जुमानला नाही.

१. बँकेतील ठेव व पाटल्या नात इशिताला. पाटल्या मोडल्या तरी माझी हरकत नाही.

२. मुलगा श्रीनिवास यास त्याचे ड्राय कॅबिनेट परत. इथल्या दमट हवेत कॅसेटना बुरशी लागू नये म्हणून मी त्याचे कॅमेरे बाहेर काढले होते. त्याने पाच वर्षे तोंड वाकडे केले, पण कॅसेटना हात लावला नाही, हे मान्य करते.

३. या कॅसेटवर लाखमी वरठा बोलते. लग्नासाठी घेतलेल्या दीडशे रुपयांपायी ती व तिचा नवरा माझ्या वडिलांच्या शेतावर एकवीस वर्षे वेठीला होती. वेठबिगारी कायद्याने बंद झाल्यावर सात वर्षांनी मी टेपरेकॉर्डर घेऊन तिच्या अंगणात बसले. कॉन्व्हेंटात सनावळ्या घोकल्या होत्या, सारखी विचारत होते, “साल कोणतं?” लाखमी आमच्या घरातल्या लग्नांवरून वर्षे मोजायची. सातव्या कॅसेटवर ती म्हणते, “तुज्या लग्नात, बाय. मी पाणी भरत होते. पोर तापानं फणफणला होता. घरी जाऊ का इचारलं, तर तुजा बा म्हनला, पंगत उठू दे. पंगत उठली तवर पोर गेला.”

मग बराच वेळ नुसत्या कोंबड्या ऐकू येतात. त्यानंतर माझा आवाज: “म्हणजे एकोणीसशे एकाहत्तर.”

४. भाऊ प्रताप पुण्याहून फोनवर म्हणतो, “अक्का, आबांचं नाव तेवढं पूस. मेलेल्या माणसाची कशाला बदनामी?” प्रताप, लाखमीही मेली आहे. श्रीनिवास म्हणतो, “आई, निदान तुझं वाक्य तरी कापू.” कापू नये. आबांचे नाव, माझे वाक्य, कोंबड्या, सगळे तसेच राहील.

५. सर्व कॅसेट लाखमीची नात प्रणिता वरठा, शिक्षिका, तलासरी, हिला. विद्यापीठाला प्रती हव्या असल्यास तिच्याकडे अर्ज करावा. तिने मला विचारले, “ऐकून झाल्यावर मी त्या कुणालाच दिल्या नाहीत तर?” मी म्हटले, “नको देऊस.” चाळीस वर्षे मी त्या सांभाळल्या, म्हणून त्या माझ्या होत नाहीत. वर्दे घराण्यातल्या कोणीही तिला परवानगी देऊ नये, की मनाई करू नये. तो अधिकार आम्हाला कधीच नव्हता.

सही: मधुमती सामंत
साक्षीदार: १. अनघा रुचिर देवधर, शेजारीण. २. क्षितिज मोघे, संशोधक, वरच्या मजल्यावरील भाडेकरू. दोघांनी माझ्यासमोर व एकमेकांसमोर सह्या केल्या.
क्लेमेंटी, सिंगापूर, १२ फेब्रुवारी २०२६