मोहाखालचा पाला

२ एप्रिल २०१४
लिही रे प्रफुल्ल. पहिल्यांदा हेच लिही — तू सस्पेंड झालास! तोंड काय पाडतोस? माझी रोजनिशी आहे, मी बोलणार. मला अक्षर येत नाही, तुला आता काम नाही. जोडी जमली.
जंगल जळालं म्हणून. माझा नातू वनरक्षक, त्याच्या राखणीच्या भागात, बीटात, आग लागली आणि तो म्हणे तिथं नव्हताच. मग तळपायाला हे फोड कशाचे? वरातीत नाचून आले का!

५ एप्रिल
हा माझं बोलणं सुधारून लिहितो. वाचून दाखव म्हटलं, तर मी शाळेची बाई वाटते.

११ एप्रिल
आग कशी लागली ते इथलं शेंबडं पोरही सांगेल. मोहफुलं वेचायची तर झाडाखालचा पाला जाळतात, मोकळ्या जागेवर फूल दिसतं. पण विझेपर्यंत तिथंच उभं राहायचं असतं. कोणीतरी उभं राहिलं नाही. वारा सुटला. कोण होतं — ते कोणी सांगत नाही. मोहावरच तर सगळ्यांच्या चुली पेटतात.
मी दारोदार गेले. "तुमी पाह्यलं ना याले आग इझवताना? मंग चाला साहेबापाशी!"
देवकाबाई माझी जिवाची मैत्रीण. तीही सुपातली फुलं निवडत राहिली. "मालन, माहे गुडघे दुखतेत वं."
कालच टोपली डोक्यावर घेऊन जंगलातून आली होती!

३० एप्रिल
नातसून दीपमाला नवऱ्याला काही बोलत नाही. भांड्यांना बोलते.

१९ मे
चौकशी झाली. झाली म्हणे! हा बाहेर बाकावर, आत चौकीदार बाबुलालचा जबाब. प्रफुल्ल आगीपाशी दिसलाच नाही, असा. दिसेल कसा? बाबुलाल त्या दिवशी लाखांदूरला मेहुण्याच्या लग्नात होता!
साहेब बाहेर आल्यावर यानं हात जोडले — "साहेब, त्याले दोन गोष्टी इचारू द्या."
"तुझं लेखी आलं ना? मग झालं."
आमच्या गावात कोंबडीचोर धरला तरी आधी पाणी देतात. मग विचारतात, बोल बाबा, तुझं काय म्हणणं? साहेबांच्या ऑफिसात पाण्याची मोठी मशीन आहे. याला कोणी पाणीसुद्धा विचारलं नाही.

२० मे
जेवला नाही. मी थट्टा केली, हसला नाही. पेन धरून बसलाय, नुसता.
विहिरीचा दोर मी माझ्या खाटेखाली ठेवला. हे लिहू नको म्हटलं. लिहिलंच यानं.

९ जून
साहेबांच्या ऑफिसच्या गेटावर बसले. उन्हात. शिपाई म्हणाला, "आजी, काय पायजे?"
"मले काही नाही. तुह्या साहेबाले कान पायजेत, म्हणून आली."
संध्याकाळी साहेब स्वतः बाहेर आले. पुन्हा सुनावणी घेतो, पण तुम्ही घरी जा म्हणाले.

२३ जून
सुनावणी. आज मलाही आत घेतलं. साहेबांनी विचारलं, "तुझ्या बाजूनं कोण बोलणार?" कोणी नाही. साहेबांनी फाईल मिटली. संपलं सगळं!
तेवढ्यात दारात देवकाबाई. एकटीच एसटीनं आलेली, पदरानं तोंड पुसत.
"पाला म्या जाळला साहेब. घरी बकरी विऊन राहिली होती, म्हणून धावत गेली. वापस आली तं सारं पेटलं होतं. ह्या पोट्ट्याच्या चपला जळाल्या, तरी झाडाची हिरवी डगाळ तोडून आग झोडपत होता. म्या पाह्यलं."
परतताना गाडीत माझ्याशेजारी बसली.
"गुडघे कसे आहेत वं?" मी म्हटलं.
"आता नाही दुखत."

८ जुलै
कामावर घेतलं! दीपमालानं आज भांडी नुसती घासली. मी दोर विहिरीवर परत नेऊन ठेवला.

११ जुलै
लिही. देवकाबाईवर केस झाली. गुन्ह्याचा कागद तूच लिहिलास.
"साहेबानं सांगतलं तसंच लिवलं, आजी."
"तिले इचारलं का रे, तुह्यं काय म्हणणं?"
पेन थांबला.
थांबू नको. लिही — नाही विचारलं.