इलिशचा काटा

॥ श्रीश्री दुर्गा सहाय ॥

भवानीपूर, कलकत्ता
७ जुलै १९७४

चि. तरु हिस बौदीचे अनेक आशीर्वाद.

दुर्गापूजा अजून तीन महिने लांब आहे आणि मध्येच माझं पत्र बघून तू घाबरशील, म्हणून आधीच सांगते, घरी सगळे खुशाल आहेत. पंचवीस वर्षं आपण नणंद-भावजया एकमेकींना पूजेनंतर फक्त विजयेचं कार्ड पाठवत आलो. तुझ्याकडून प्रणाम, माझ्याकडून आशीर्वाद, आणि उरलेल्या जागेत काशीची थंडी. तीन वर्षांपूर्वी तुझे दादा गेले तेव्हाही तू चारच ओळी लिहिल्यास. सख्खा भाऊ गेला तरी आली नाहीस म्हणून नातेवाईक बोलले. मी नाही बोलले.

खोकनला मूळव्याधीचा त्रास आहे, पण बापासारखाच औषध घेत नाही. बौमा, त्याची बायको, शाळेत शिकवते, घर सांभाळून वर मलाही सांभाळते. नात सात वर्षांची झाली. शाळेत बाईंनी विचारलं, घरी कोण काय करतं? तर ही म्हणाली, बाबा ऑफिसात जातात, आई शिकवते आणि ठाकुमा लोकांना रडवते. बाईंनी मला निरोप पाठवला, तुमच्यावर कसला आरोप आहे ते कळवा.

संपादक बागचीबाबू आठवतात का? तेव्हा काटकुळे होते, आता जिना चढताना धापा टाकतात. दर वर्षी शारदीय अंकासाठी एक अख्खी कादंबरी, असं माझं चोवीस वर्षं चाललंय. वैशाख लागला की ते बैठकीत येऊन बसतात, संदेशची मिठाई खातात आणि पानं हातात पडल्याशिवाय हलत नाहीत. माझं अक्षर बघून अजूनही कपाळाला हात लावतात. कोंबडी शाईत पाय बुडवून फिरली आहे, म्हणतात. परवा विचारत होते, तुमच्या सुरुवातीच्या हस्तलिखितांचं ते मोत्यासारखं अक्षर कुठं गेलं हो? मी म्हटलं, काशीला.

ते हसले. त्यांना वाटलं मी थट्टा करते आहे.

तरु, लोक माझ्या सत्काराला येतात आणि विचारतात, संसार सांभाळून तुम्ही लिहिलंत कसं? मी ठरलेलं उत्तर देते. डाळ शिजेपर्यंत कॅलेंडरच्या पाठकोऱ्या कागदावर लिहायचे, वगैरे. टाळ्या पडतात. ते कागद माझ्याकडून घेऊन दुपारी वरच्या गच्चीच्या खोलीत तू उतरवून काढायचीस, हे मी एकदाही सांगितलं नाही. तुझी मा समजायची तू चंडीपाठ लिहितेस. नायिका फारच रडकी झाली की तू समासात बारीक अक्षरात लिहायचीस, ‘बौदी, हिला एकदा जेवायला तरी बसव.’ माझ्या पहिल्या दोन कादंबऱ्या अशा झाल्या. तिसरी, जिनं मला नाव मिळवून दिलं, ती मात्र मी तुला दिली नाही. तुझ्या डोळ्यांना ताण पडतो म्हणाले. तुझे डोळे ठणठणीत होते.

इथवर लिहून मी दोनदा उठले. एकदा कुंड्यांना पाणी घातलं, एकदा उगाच बौमाच्या कामात लुडबुड केली. आता बसते.

श्रावणातला तो दिवस. दादांनी सकाळी इलिश मासा आणला होता, मा कालीघाटला गेली होती. तू तेराव्या वर्षी विधवा होऊन परत आलीस, त्याला तेव्हा पंधरा वर्षं झाली होती. तुझी चूल वेगळी, भांडी वेगळी, मासा वर्ज्य, आणि एकादशीला तर पाण्याचा घोटही नाही. माझ्या कढईत मोहरीच्या वाटणात इलिश रटरटत होता आणि तू दारात उभी होतीस. तू काही मागितलं नाहीस. नुसती उभी होतीस, वास घेत. मीच म्हटलं, ये. मीच ताट मांडलं. पोटाकडचे तुकडे माच्या ध्यानात असायचे, म्हणून पाठीचा वाढला.

पाठीच्या तुकड्यात केसासारखे काटे. आपल्याकडचं चार वर्षांचं पोरही ते जिभेनं बाजूला काढतं, त्यात शिकवण्यासारखं काही आहे असंही आपल्याला वाटत नाही. तुझी जीभ ते विसरली असेल हे माझ्या डोक्यातच आलं नाही. दुसऱ्याच घासाला काटा अडकला. मी तुला कोरड्या भाताचे गोळे गिळायला लावले, एक, दोन, पाच. तुझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि मधूनच तू हसत होतीस. मा परत आली तेव्हा तुझे डोळे लाल होते. तू सांगितलंस, सुपारी अडकली.

हे सगळं मी लिहिलं. जीभ, काटा, भाताचे गोळे, सगळं. फक्त माझ्या त्या तिसऱ्या कादंबरीतल्या विधवेनं तो तुकडा चोरून खाल्ला. तिला बौदी नव्हतीच. मुलाखतीत मी सांगते की चोरीत जास्त करुणा होती. खोटं आहे ते. मला माची भीती वाटत होती.

अंक आला त्या दुपारी नेहमीसारखी तूच वाचत होतीस आणि मा पडून ऐकत होती. मी तिथंच विळीवर भोपळा चिरत बसले होते. ते पान आलं. तू थांबली नाहीस, एक शब्दही गाळला नाहीस, शेवटपर्यंत वाचलंस. मा उठून बसली. म्हणाली, “तरु, त्या दिवशी सुपारीच अडकली होती ना?”

तू अंक मिटलास.

“कुणी दिला?”

तू माझ्याकडे बघितलंस. एकदाच. आणि मी म्हणाले, “मा, ही तर गोष्ट आहे.”

“म्हणजे चोरलास?” मानं विचारलं.

आणि तू म्हणालीस, “हो.”

आठव्या दिवशी काकीमाबरोबर तुला काशीला पाठवलं. मी तुझी ट्रंक भरली. दादांनी मला विचारलं, तुला यातलं काही माहीत होतं का? मी मान हलवली, नाही म्हणून. त्या वर्षी मला पहिला पुरस्कार मिळाला.

आज हे का लिहिते, विचारशील. दादांचं श्राद्ध झालं आणि काही दिवसांनी बौमानं माझ्या ताटात इलिश वाढला. पोटाकडचा. “खा ना मा, हल्ली कोण पाळतं हे?” म्हणाली आणि आमटी आणायला गेली. खोकननं मान वर करूनही बघितलं नाही. नात तिच्या मांजराशी बोलत होती. मी खाल्ला, तरु. काटा लागला नाही. हात धुवायला गेले आणि तिथंच रडत बसले. सगळ्यांना वाटलं, दादांची आठवण आली. मला तू आठवलीस. मला फार लाज वाटली.

तेव्हापासून तीन वर्षं तेच लिहिते आहे. अंकाला दुसरं काहीबाही देत राहिले. सोबतच्या पार्सलात ते कागद आहेत, सगळे पाठकोरे, कोंबडीच्या पायांचे. यात बौदी आहे. यात मा विचारते तेव्हा ती विळी बाजूला सारून उभी राहते आणि म्हणते, “मी वाढला.” त्यानंतर तिची नणंद तिला काय म्हणते, ते मला लिहिता आलं नाही. खूप प्रयत्न केला. जे लिहिलं ते मला सोयीचंच निघालं, म्हणून फाडलं. तिथं अर्धं पान कोरं सोडलं आहे.

ते तू लिही. शिवी लिहिलीस तरी एक अक्षर न बदलता छापीन. सगळं तुझ्या हातानं उतरवून पाठव, आणि जिथं मी खोटी वाटेन तिथं पूर्वीसारखं समासात लिही. उतरवणारीचं नाव या वेळी पहिल्या पानावर जाईल. बागचीबाबूंना श्रावण संपेपर्यंतची मुदत मागितली आहे. पार्सल न उघडता परत आलं, तर त्यांना सांगेन की यंदा माझ्याकडे कादंबरी नाही. आग्रह करणार नाही.

गच्चीच्या खोलीला चुना दिला आहे. चूल घरात आता एकच आहे.

तुला इलिश वाढणारी,
तुझी बौदी
अमिया