ओठ हलले, आवाज नाही

१५ नोव्हेंबर, शनिवार, संध्याकाळी ७.४०

वेळ मुद्दाम लिहून ठेवते. याच वेळी, भरल्या थिएटरात, फिल्म संग्रहालयवाल्यांनी केसाने माझा गळा कापला!

आमचा जुना सिनेमा ‘सात घंटांचा डोंगर’, नवी वाढीव आवृत्ती. तलवारकन्या झालेली लाय-शेउंग. चेहरा तिचा, आवाज माझा. तेव्हा हाँगकाँगात शूटिंगला आवाज घेतच नसत. नटनट्यांनी ओठ हलवायचे, नंतर बंद खोलीत बसून आम्ही बोलायचं. बक्षीस तिला, भाताचा डबा मला.

आज जुना, आवाज देण्याआधीच कापलेला प्रसंग जोडून दाखवला. तिचे ओठ हलतात — आणि आवाज नाही. नुसता वारा. मी इथेच, हाँगकाँगात नॉर्थ पॉइंटला राहते, माझा फोन लागतो, मला कुणी विचारलं नाही.

१६ नोव्हेंबर, रविवार

चर्चमध्ये लक्ष नव्हतं. मत्सर पाप आहे, असं सिस्टर शिकवायच्या. त्यांचा आवाज कुणी पुसला नव्हता.

नंतर भाचीबरोबर चहा. मेई-चुन म्हणाली, “मावशी, ती राक्षसीला का सोडते ते आत्ता कळलं.” खरंय. पूर्वी तलवार उगारायची आणि लगेच माफ करायची, लोक हसायचे. आता मध्ये दिसतं — राक्षसी तलवारकन्येच्या मेलेल्या गुरूचे केस विंचरते आहे. ती त्याचीच मुलगी. तलवारकन्या काहीतरी बोलते, तलवार खाली ठेवते.

“आणि काय बोलते ते ऐकू येत नाही, तेच बरं,” मेई-चुन म्हणाली.

तिच्या बशीतलं शेवटचं कोळंबीचं डम्पलिंग मी खाऊन टाकलं.

१७ नोव्हेंबर

सिनेमा सुधारलाय. जळफळाट त्याचाच! मी बोलले तिथे लोक हसले, मी नव्हते तिथे रडले. आणि रडले कुणासाठी, तर तिच्यासाठी.

फिल्म संग्रहालयाला पत्र टाकलं: तो प्रसंग मी बोलून देते. गळा शाबूत आहे.

२० नोव्हेंबर

लाय-शेउंगचा फोन. संग्रहालयाने तिला माझं पत्र दाखवलं. आवाज तसाच, फाटक्या पत्र्यासारखा.

“ताई, तू आहेस? मला सांगितलं होतं तू गेलीस.”

म्हटलं, अजून कबरस्तानात जागा मिळालेली नाही.

ती हसली नाही. म्हणाली, त्या प्रसंगाला आवाज द्यायला एक तरुण मुलगी ठरली होती. हिने तिला परत पाठवलं. मग हिलाच बोलायला सांगितलं.

“मी म्हटलं, ताईचा नाही तर कुणाचाच नको. माझाही नको.”

मला पुढे बोलता आलं नाही. मला!

२१ नोव्हेंबर

संग्रहालयाला दुसरं पत्र. पहिलं रद्द समजावं. त्या प्रसंगाला कुणी हात लावायचा नाही. फक्त शेवटच्या नामावलीत माझं नाव घालावं — आवाज: औ पुइ-किंग. ती शांतताही माझीच आहे. शुक्रवार, २८ नोव्हेंबर, संध्याकाळी पाचच्या आत लेखी उत्तर हवं. तोंडी चालणार नाही.