मावशीचा बॉस्की उतार

मारलहर्स्ट, ससेक्स
सोमवार, ४ मे १९३१

ती. अँब्रोज मामांस,
केझायाचा सा. न. वि. वि.

मामा, तुम्ही ऑक्सफर्डला बसून जन्मभर शब्दकोशाची मुद्रितं तपासलीत, त्याचा घरच्या माणसांना आजवर काडीचा उपयोग झालेला नाही. आता होऊ द्या. एका शब्दापायी माझं लग्न मोडायला आलंय.

विल्फ्रेड गारसाइडबद्दल नाताळात मी तुम्हाला लिहिलं होतं. नकाशाखात्यातला मोजणीदार, यॉर्कशरचा, ज्याच्या मोजणीच्या साखळीत माझी सायकल अडकली तो. गेल्याच्या गेल्या रविवारी तो मावशीकडे रीतसर चहाला आला. सगळं इतकं छान चाललं होतं की मलाच धाकधूक व्हायला लागली. त्याने केकचे तीन तुकडे खाल्ले, मावशीच्या दारूबंदी मंडळाचा अहवाल शेवटपर्यंत वाचला, आणि मावशीने खूश होऊन तळघरातून तिच्या काऊस्लिपच्या फुलांच्या सरबताची बाटली काढली. मंडळाच्या गुरुवारच्या सभा सोडल्या तर ती बाटली पाद्रीबुवांसाठीसुद्धा सहजी निघत नाही. त्याने तीन ग्लास घेतले. तो गेल्यावर मावशी म्हणाली की मुलगा फार उंच आहे, पण त्याला आता इलाज नाही.

मग त्याचं आभाराचं पत्र आलं. त्यातल्या तीन ओळी जशाच्या तशा उतरवते. ‘आपली जागा इतकी बॉस्की असेल अशी मला कल्पना नव्हती. कामाच्या निमित्ताने मी या प्रांतातली शेकडो घरं पाहिली, पण याहून बॉस्की ठिकाण पाहिलं नाही. केझाया अशा वातावरणात वाढली, म्हणूनच ती एवढी आनंदी असावी.’

आपल्या गावात बॉस्की कशाला म्हणतात हे तुम्हाला सांगायला नको. टपन लोहार शनिवारी गुत्त्यातून निघाल्यावर कुंपणाशी बोलत घरी जातो, तेव्हा तो बॉस्की असतो. थोडक्यात, माझ्या होणाऱ्या नवऱ्याने दारूबंदी मंडळाच्या अध्यक्षबाईंना कळवलंय की एवढं तर्र घर त्याने जन्मात पाहिलेलं नाही. विल्फ्रेड शपथेवर सांगतो की पुस्तकी भाषेत त्याचा अर्थ झाडीशी संबंधित आहे. (झाडीबद्दल मलाही एक अडचण दिसते, पण ती मी होऊन काढणार नाही.)

एक जुलैला त्याची बदली नॉर्थम्बरलंडला होतेय. त्याआधी लग्न व्हायचं तर महिनाअखेरपासून तीन रविवार चर्चमध्ये आमची नावं पुकारायला हवीत. मावशी म्हणते की खुशाल कर, मी येणार नाही. आई गेली तेव्हा मी पाच वर्षांची होते, तेव्हापासून हिनेच मला वाढवलं. ती आली नाही तर मीही जाणार नाही, हे तिला ठाऊक आहे आणि मलाही.

तुमची माया माझ्यावर आहेच. या खेपेला तिच्याबरोबर शब्दकोशाचं एखादं पानही पाठवा.

तुमची लाडकी भाची,
केझाया

*

मारलहर्स्ट
५ मे १९३१

चि. अँब्रोजला,
अनेक आशीर्वाद.

पोरीने तुला पत्र टाकल्याचं मला कळलंय. पोस्टातली बाई मला सगळं सांगते. तिने काय लिहिलं असेल ते माहीत आहे, म्हणून माझी बाजूही वाच.

तू अठ्ठावन्न वर्षांचा झालास तरी मी तुला चिरंजीव म्हणते, कारण अक्कल पोरवयातलीच राहिली आहे. तेव्हा थट्टा बाजूला ठेव. एकतीस वर्षं मी या गावात दारूच्या थेंबाविरुद्ध उभी आहे. माझ्या घरात व्हिनेगरसुद्धा जपून वापरतात. आणि एक परका मुलगा माझा केक खाऊन मला बॉस्की म्हणतो, वर लिहितो की पोरगी त्यातच वाढली.

खात्री करावी म्हणून मी टपनलाच विचारलं की बाबा, बॉस्की म्हणजे नेमकी किती? तो विचार करून म्हणाला की बाई, फार नाही, फाटकाचा आधार घेऊन घरी पोचता येईल इतपत. आता तो गावभर विचारत फिरतोय की फिलाडेल्फियाबाईंना हे कशाला हवंय.

खरं सांगते, त्या दिवशी तो मला विचित्रच वाटला होता. निघताना मागच्या दारात दहा मिनिटं उभा राहून उताराकडे डोळे भरून बघत राहिला. मग अंगणातल्या पाण्याच्या पंपाला टोपी काढून नमस्कार केला. मला वाटलं यॉर्कशरकडे पद्धत असेल.

औषध वेळेवर घे. पायमोजे कोरडे ठेव. आहेस तसा असलास तरी माझा आहेस.

तुझी ताई,
फिलाडेल्फिया

*

ऑक्सफर्ड
९ मे १९३१

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र मी उभ्याने वाचलं, मग बसून हसलो, मग कामाला लागलो. छापखान्यातल्या तिघांना मी या शब्दामागे लावलं. त्यांनाही बऱ्याच दिवसांत एवढं चांगलं काम मिळालं नव्हतं.

मुलगा खरं बोलतोय. बॉस्की हा तीनशे वर्षांहून जुना शब्द आहे आणि त्याचा पहिला अर्थ झाडीने भरलेला असाच आहे. पण कुठल्याही झाडीला तो लावत नाहीत. घोर अरण्य बॉस्की नसतं, राखलेली बाग नसते, आणि एकटं झाड तर कधीच नसतं. डोक्याइतकी उंच दाट झुडपं, मधूनमधून झाडं, आत शिरलं की कोटाची बाही अडकलीच पाहिजे, असा उतार किंवा दरी म्हणजे बॉस्की. हल्ली हा शब्द कवी वापरतात, घरं विकणारे वापरतात, आणि पुस्तकं वाचणारे मोजणीदार वापरतात.

तोच शब्द आपल्याकडे झिंगलेल्या माणसाला का लागला, हे इथे कुणाला नक्की सांगता येत नाही. माझा आपला अंदाज असा की झुडपांत शिरलेला आणि गुत्त्यातून निघालेला, दोघेही एकाच चालीने चालतात.

आता घरामागचा उतार आठव. हेझलची ती गच्च झाडी, जिच्यात लपून मी तुझी बोरं खायचो आणि तू मला शोधत रडायचीस. मागच्या दारात उभं राहून त्या मुलाने तीच पाहिली आणि त्याला योग्य तोच शब्द सुचला. आता पोरीला हो म्हण, म्हणजे मी नवा कोट शिवायला टाकतो.

रागावलीस तरी राग पत्रातच ठेव, मनात नको.

तुझा धाकटा,
अँब्रोज

*

मारलहर्स्ट
१२ मे १९३१

चि. अँब्रोजला,
अनेक आशीर्वाद, पण या वेळी हात आखडता घेऊन.

इतका शिकलास आणि इतकं विसरलास. हेझलची झाडी दर सात वर्षांनी बुडख्यापासून तोडतात, हे आपल्या गावातलं शेंबडं पोर सांगेल. आमची या फेब्रुवारीत तोडली. कुंपणाच्या काठ्या करून गाड्या भरून गेल्या. आज त्या उतारावर हातभर उंचीचे बुडखे आहेत आणि मधोमध एक अक्रोडाचं झाड. एक, अँब्रोज. मी आत्ता खिडकीतून पुन्हा मोजलं.

एकट्या झाडाला कुणी बॉस्की म्हणत नाही, हे तूच तुझ्या हाताने लिहून दिलंस. तो कागद मी घड्याळाखाली ठेवलाय. उतार बॉस्की नव्हता, मग बॉस्की कोण होतं? त्या खोलीत केझाया, मी आणि मांजर होतो.

केझायाला हे दाखवलं तर ती सरळ उठली. वर जाऊन खोलीचं दार लावून बसली. जेवायला आली तेव्हा डोळे लाल होते आणि म्हणाली की बटाटे छान झालेत. माझा जीव तुटला. पण खोटं बोलणाऱ्याच्या हाती मी तिला कशी देऊ? तो मुलगा मला आवडला होता, म्हणूनच एवढं लागलं.

तू यात पुन्हा पडू नकोस. पडल्याशिवाय राहणार नाहीस हे ठाऊक आहेच.

ताई

*

ब्राइटन, मुक्काम खानावळ
१८ मे १९३१

रा. रा. अँब्रोज एकहर्स्ट यांस,
कृ. सा. न. वि. वि.

आपलं पत्र मिळालं. त्या उतारावर मी नेमकं काय पाहिलं असं आपण विचारलंत. जे आजवर कुणाला सांगितलं नाही ते आपल्याला लिहितो.

मी झाडी पाहिली. दाट, हिरवी, हलकेच डुलणारी. इतकी सुंदर की त्याच संध्याकाळी स्टेशनवर बसून मी टिपणवहीत तिचं रेखाटन केलं आणि खात्याच्या पद्धतीप्रमाणे झाडांच्या खुणा मांडल्या. सदतीस झाल्या. गेल्या आठवड्यात साखळी घेऊन प्रत्यक्ष मोजणीला गेलो, तर तिथे एक अक्रोड.

मोजणीदाराने नसलेलं झाड नकाशावर दाखवायचं नसतं. मी सदतीस दाखवली होती. डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेलो, ते म्हणाले की अशी नजर त्यांना स्वतःला हवी होती. म्हणजे दोष डोळ्यांत नसून डोक्यात असावा. दारूचं म्हणाल तर नवव्या वर्षी वडिलांच्या चर्चमध्ये मी शपथ घेतली आणि आजवर थेंब चाखलेला नाही. त्या दिवशीही चहा आणि बाईंचं फुलांचं सरबत, एवढंच घेतलं होतं.

नसलेलं दिसणाऱ्या माणसाने लग्न करू नये असं मला वाटू लागलंय. केझायाला तसं लिहिलेलं पत्र चार दिवस खिशात आहे. आपण वडीलधारे आहात. ते टाकू की नको, एवढं कळवण्याची कृपा व्हावी.

आपला नम्र,
विल्फ्रेड गारसाइड

*

ऑक्सफर्ड
२१ मे १९३१

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

सोबत त्या मुलाचं पत्र आहे. आधी ते वाच, मग खुर्चीत बस, मग हे वाच.

त्याला मी तारेने कळवलंय की खिशातलं पत्र फाडून टाक. आता तुझ्याशी बोलतो. आईच्या हातची सरबताची कृती माझ्याकडे आहे. बादलीभर काऊस्लिपच्या पाकळ्या, दोन शेर साखर, लिंबं, आणि टोस्टच्या तुकड्यावर खमीर लावून वर तरंगत सोडायचं. मग बाटल्या दोन वर्षं तळघरात, आणि बुचं उडू नयेत म्हणून दोऱ्याने बांधायची. ताई, सरबताचं बूच उडत नाही. साखरेत खमीर घालून दोन वर्षं ठेवलं की काय होतं, हे टपनला विचारलंस तर तो विचार न करता सांगेल.

फुलांची म्हणून ती निरुपद्रवी, असं आई मानायची, आजी मानायची, तूही मानतेस. मला हे तीस वर्षं ठाऊक आहे. सांगितलं नाही, कारण ती फार उत्तम लागते आणि सांगितलं असतं तर तू ती गटारात ओतली असतीस. हा माझा गुन्हा, आणि त्याबद्दल मी माफी मागतो.

त्या बिचाऱ्याने जन्मात थेंब घेतला नव्हता आणि तू त्याला तीन ग्लास पाजलेस. त्याला एका अक्रोडाची सदतीस झाडं दिसली. त्याने प्रामाणिकपणे जे दिसलं ते लिहिलं आणि त्यासाठी अगदी अचूक शब्द वापरला. उतार त्याच्यापुरता बॉस्कीच होता. पाहणारा बॉस्की होता म्हणून.

निर्णय तुझा. तो तुझ्या पोरीला वेडाच्या भीतीने सोडून जाऊ पाहतोय, आणि त्याची भीती घालवणारं एकच वाक्य जगात आहे. ते फक्त तुलाच लिहिता येईल.

कधी नव्हे तो गंभीर,
अँब्रोज

*

मारलहर्स्ट
सोमवार, २५ मे १९३१

चि. विल्फ्रेड यांस,
अनेक आशीर्वाद.

चिरंजीव मुद्दाम लिहिलंय, हात घसरलेला नाही.

तुझं डोकं शाबूत आहे. तू माझ्या घरी दारू प्यालास. ती मी स्वतः गाळली, स्वतः ओतली आणि नको म्हणत होतास तरी तिसरा ग्लास भरला. तुझी शपथ मोडली ती माझ्या हातून, त्याचं पाप माझं. मला क्षमा कर.

हे माझ्या भावाने कळवलं, पण त्याच्या शब्दावर मी आजवर कधी विसंबले नाही. म्हणून शनिवारी दुपारी केझाया शाळेतल्या मुलांना घेऊन सहलीला गेली असताना मी बाटली काढली, टेबलाशी ताठ बसून तीन ग्लास घेतले आणि मागच्या दारात जाऊन उभी राहिले. मी सदतीस मोजू शकले नाही. एकोणीसवर आल्यावर ती हलायला लागली. मग मी तिथेच पायरीवर बसले आणि बराच वेळ बघत राहिले. आमची झाडी परत आली होती, आत कुठेतरी अँब्रोज लपलेला होता, आणि मला त्याला शोधायची घाई नव्हती. तुझा शब्द बरोबर होता. दोन्ही अर्थांनी.

आता एक विचार पाठ सोडत नाही. एकतीस वर्षं दर गुरुवारी मंडळाच्या बायका सभेनंतर एकेक ग्लास घेऊन जी भजनं म्हणतात, त्यांचा आवाज लांबच्या गावापर्यंत जातो. मला ती श्रद्धा वाटायची. अध्यक्षपद मी सोडणार आहे, पण लग्नानंतर. तळघरात चौदा बाटल्या आहेत, त्या लग्नात संपायला हव्यात, आणि त्या संपवायला मंडळाच्या बायकांसारखं दुसरं कुणी नाही. तू चहा घे.

पाद्रीबुवांना सांगून आले. येत्या रविवारपासून नावं पुकारतील. वीस जूनला लग्न. टोपी आणलीस तर पंपाला पुन्हा नमस्कार कर, त्याला सवय झाली असेल.

तू केझायाला लांब घेऊन जाणार. मला एकटीला हे घर मोठं होईल, ते तुझ्यापासून लपवत नाही. बुडख्यांना नवी पालवी फुटली आहे, आत्ताच वीतभर आहे. सात वर्षांत उतार पुन्हा गच्च होईल. तेव्हा दोघं या, पोरंबाळं घेऊन या, म्हणजे न पिता बॉस्की कसा दिसतो ते तुला नकाशावर मांडता येईल.

त्याआधी आलात तर एक बाटली मी मागे ठेवली आहे.

तुझी मावशी,
फिलाडेल्फिया