दोन्ही टोकं सारखी असलेली नाव

प्रिय राद्को,

मेणाचा व्यापारी झावीद उद्या व्होल्गेकडे निघतोय, म्हणून हे भूर्जपत्र. साल वीतभर आणि माझी जीभ हातभर, तुला ठाऊकच आहे.

आधी सांग, ती नदी खरंच एवढी रुंद आहे का, की पलीकडचा माणूस हाका मारतोय की शिव्या घालतोय तेही कळत नाही? तुझी नाव डोळ्यांपुढून जात नाही. दोन्ही टोकं सारखी. "पुढचं कुठलं रे?" मी विचारलं, तर हसून म्हणालास, "दादा, जिकडे पळायचंय ते पुढचं! नाव वळवत बसेल तो मरेल."

मठातले वार्लाम बाबा या वर्षाची हकिकत लिहायला बसलेत. विचारत होते, "नदीवर लुटीला जाणाऱ्या या पोरांना काय म्हणू? चोर की शूर?" मी म्हटलं, "बाबा, चांदी आली की शूर, तक्रार आली की चोर. नोव्हगोरोदची रीतच ती." तुम्ही निघता तेव्हा सभा हो म्हणत नाही आणि अडवतही नाही. पुढे अंगाशी आलं, की म्हणायला मोकळी: नगराच्या शब्दाविना गेले!

रविवारी सभेची घंटा झाली. मॉस्कोच्या राजाचा दूत आला होता. कोस्त्रोमा शहर लुटणारे, म्हणजे तुम्ही, त्याला हवेत. मोठ्या घरचे एका सुरात म्हणाले, "आमचा शब्द नव्हता." मी सभेच्या पायरीवर चढलो. "मग तुमच्या बायकांच्या गळ्यातली चांदी कुणाच्या शब्दानं आली?" लोक पेटले. कोळी टोप्या उडवून ओरडले, "बोल दोमाझिर, सोडू नकोस!" सभा मी जिंकलीच होती.

तेवढ्यात दूताबरोबर आलेली कोस्त्रोमाची एक कुंभारीण पुढे झाली. ओरडली नाही. म्हणाली, "भाऊ, छान बोलता तुम्ही. माझी लेक ओलिसावा कुठंय, तेवढं सांगा. डाव्या भुवईवर भाजल्याचा डाग आहे. तुमच्या माणसांनी तिला व्होल्गेकाठच्या बल्गार शहराच्या बाजारात विकली."

आपल्यासारखाच गळ्यात क्रूस घालणारी पोर, राद्को! मी पायरीवरून खाली उतरलो. मागून कुणीतरी म्हणालं, "वक्त्याच्या घशात काटा अडकला वाटतं." मग आरोळी उठली: जो परत येईल तो दूताच्या हवाली. त्या आरोळीत मी नव्हतो. पण तिच्याविरुद्धही उभा राहिलो नाही.

म्हणून लिहितोय. घरी येऊ नकोस. तुझी नाव वळवावी लागत नाही ना? मग आहे तशीच उलटी हाक आणि बल्गार गाठ. लुटीतलं असेल नसेल ते विक आणि ओलिसावाला सोडवून आण. वार्लाम बाबांनी चोर की शूर, तो शब्द अजून लिहिलेला नाही. तिला घेऊन आलास, तर तुला हात लावणाऱ्याला आधी मला, सभा गुन्हेगारांना नदीत फेकते त्या पुलावरून खाली ढकलावं लागेल. एकटा आलास, तर तुझ्यासाठी मी त्या पायरीवर चढणार नाही.

तुझाच थोरला,
दोमाझिर