गोधडीवरचा पट

चि. पूनम,

तुला बुद्धिबळातली मास्टर करायला काय खर्च आला, असं कुणी विचारलं की मी क्लास, प्रवास, हॉटेलं सांगायचो. तुझ्या आईनं सोडलेला खेळ त्या हिशेबात कधी धरलाच नव्हता.

काल दौंडला तुझ्या सत्कारात ‘पहिले गुरू’ म्हणून माझ्या खांद्यावर शाल पडली. मीही माईकवर ठोकून दिलं, “पोरीला पट मी दाखवला. अख्ख्या वरवंडात मला कुणी हरवलं न्हाई!”

मग पडद्यावर तू आलीस, परदेशातून हसत. “आण्णांचा राजा एकदा घोड्यासारखी उडी मारतो. त्या पारावरच्या जुन्या नियमानं खेळले असते तर पहिल्याच स्पर्धेत घरी आले असते. मला आईनं शिकवलं. शाळेत असताना ती बुद्धिबळात शिरूर तालुक्यात पहिली आली होती.”

नुसत्या आवाजावरून ट्रॅक्टरचा बिघाड सांगणारा माणूस मी, आणि माझ्याच घरात चाललेले डाव मला ऐकू आले नाहीत?

घरी येऊन विचारलं. आई म्हणाली, “गोधडीवर पट मांडायचो. सोंगट्या वाजत न्हाईत.”

“अगं, पण मला का न्हाई सांगितलंस?”

“लगीन झाल्यावर तुम्ही पारावरनं जिंकून आला, लई खुशीत व्हता. म्हटलं, ऱ्हाऊ द्या.”

हे पत्र काही टाकत नाही, तू हसत सुटशील. आज सकाळी तिच्यासमोर पट मांडला, तिच्या नियमानं. गॅसवरचा चहा उकळायच्या आत मी हरलो.

तुझा,
आण्णा