किलोभर मोरचूद, पाव किलो चुना

दादा, मोरचुदाला मोरचूद का म्हणतात, हे तुम्हाला कधी कुणी विचारलं होतं का? मी तरी विचारलं नाही. बाप जे पोत्यानं घरी आणतो त्याच्या नावाची चौकशी कोण करतंय! आता पंचेचाळिशी उलटल्यावर हा किडा डोक्यात शिरलाय, आणि ज्यांना विचारावं ते तुम्ही आता हयात नाही. झालं असं, की नगरजवळच्या नागापूर एमआयडीसीत मी ज्या कारखान्याची लॅब सांभाळते तिथं सुट्या भागांवर तांबं चढवतात. मोठमोठ्या टाक्या, त्यांत निळंशार पाणी. तुम्ही पाहिलं असतंत तर म्हणाला असतात, एवढ्यात अख्खा राहाता तालुका फवारून होईल. साहेबांनी मला पिंपांवर लावायच्या पाट्या लिहायला सांगितल्या, सगळ्या कामगारांना कळतील अशा. मी झोकात 'कॉपर सल्फेट' लिहिलं, खाली 'विषारी आहे, हात धुवा' वगैरे. टाकीवरचा बिहारचा माणूस म्हणाला, हे तर तूतिया. त्याच्या शेजारचा म्हणाला, आमच्याकडं नीला थोथा. पाथर्डीकडची एक बाई तिथं झाडत होती, ती म्हणाली, अवो मॅडम, मोरचूत म्हना की सरळ. आणि स्टोअरवाल्यानं या सगळ्यांना वेड्यात काढलं. बिलावर काहीही असू द्या, म्हणाला, आम्ही त्याला 'निळं' म्हणतो. साहेब म्हणाले, एकच नाव लिहा आणि विषय संपवा.

विषय कसला संपतोय! घरी येऊन मी कोश काढून बसले. संस्कृतात ह्याला तुत्थ म्हणतात. आणखी एक नाव सापडलं, शिखिग्रीव, म्हणजे मोराची मान. मला तर ते वाचून गुदगुल्याच झाल्या, कारण ओल्या मोरचुदाचा रंग अगदी तसाच. मयूरतुत्थाचं झिजून झिजून मोरचूद झालं असावं असा माझा अंदाज, पण तो आपला अंदाज. मी काही भाषेतली पंडित नाही. इंग्रजीतलं जुनं नाव काचेवरून आलंय. म्हणजे कुणाला त्यात काच दिसली, कुणाला मोर, आणि स्टोअरवाल्याला नुसतं निळं. मी वहीत नावं लिहीत गेले आणि शेवटी माझ्याच हातानं एक नाव लिहिलं गेलं, जे कुठल्याही कोशात नाही. 'मोरचूदवाले'. ते तुम्ही. ते नाव माझ्यामुळं खराब झालं, आणि माझ्यामुळं झालं हे तुम्हाला ठाऊक होतं का, एवढंच मला विचारायचंय. बाकीची सगळी चौकशी हे त्याच्याभोवतीचं घोटाळणं आहे, हे मलाही कळतं.

तेव्हा राहात्यात कुठल्याही मळ्यावर जाऊन मोरचूदवाल्यांची मुलगी म्हटलं, की चहा मिळायचा. डाळिंबाची बाग असो की द्राक्षाची, फवाऱ्याचं पाणी कालवायचं तर तुमच्याच हातानं. मोरचूद एका टिपात म्हणजे पिंपात, चुना दुसऱ्या टिपात, आणि दोन्ही एकदम तिसऱ्या टिपात. लोखंडाचं भांडं चालत नाही, शिळं पाणी चालत नाही, आणि आपल्यात रविवारी चर्चमध्ये उपासना असते म्हणून रविवार चालत नाही. लोक म्हणायचे, मानूस लई नखऱ्याचा, पन बाग राखतो. तुमच्या नखांच्या कडा कायम निळ्या. मेंढरांच्या खुरांना लागलं की धनगर तुमच्याकडं यायचे, विहिरीत शेवाळ धरलं की विहीरवाले यायचे. माझ्या कॉलेजच्या वह्या तुम्ही घरी बांधून दिल्यात, तर गव्हाच्या खळीत चिमूटभर मोरचूद टाकलंत, कसर लागू नये म्हणून. त्या वह्या अजून शाबूत आहेत. नगरच्या होस्टेलवर मैत्रिणी विचारायच्या, हिच्या वह्यांच्या पुठ्ठ्यांना निळसर डाग कसले? मी सांगायचे, शाई सांडली.

एकदा सुट्टीत मी तुम्हाला सांगितलं, की मोरचूद तापवलं की त्यातलं पाणी उडतं आणि ते पांढरं पडतं. तुमचा विश्वास बसेना. आई शेजारी गेलेली बघून तुम्ही चुलीवर तवा ठेवलात आणि मूठभर मोरचूद टाकलंत. मी ओरडतेय, दादा, खायच्या तव्यात नको, आणि तुम्ही उकिडवे बसून एकटक बघताय. निळं हळूहळू फिकं पडतंय, कडेनं राखेसारखं होतंय. मग तुम्ही बोट ओलं करून एक थेंब टाकता आणि तेवढाच ठिपका पुन्हा निळा होतो. तुमचा चेहरा मला आत्ताही दिसतोय. तुम्ही विचारलंत, "मंग नाव कुनाचं गं? पान्याचं का त्या पांढऱ्याचं?" मी हसून सोडून दिलं. आज मला वाटतं, आमच्या प्राध्यापकांनाही इतका नेमका प्रश्न कधी पडला नसेल. आई आली, तिनं तवा पाहिला आणि दोघांची अशी खरडपट्टी काढली की विचारू नका. तवा परसात पुरला गेला आणि दोन दिवस आपण शेजारच्यांच्या तव्यावरच्या भाकरी खाल्ल्या.

त्याच्या पुढच्या वर्षीची गोष्ट. तुम्हाला संगमनेरला मयतीला जायचं होतं. शनिवार होता, हवा ढगाळ, आणि गावाबाहेरच्या त्या मोठ्या डाळिंबाच्या बागेचे मालक फळांवर डागाचा रोग पडेल या भीतीनं आज फवारा, आज फवारा म्हणून मागं लागलेले. रविवारी तुम्ही करणार नाही हे त्यांना माहीत होतं. तुम्ही मला म्हणालात, तू जा, पाणी कालवून दे, पंपावर दोन गडी आहेत. माप सांगितलंत, किलोला किलो चुना. आणि सांगितलंत, घासलेला विळा मिनिटभर बुडवायचा, पात्यावर तांबूस चढलं तर चुना कमी पडला, आणखी घालायचा, चढायचं थांबेपर्यंत घालायचा. मी मान डोलावली. माझ्या पिशवीत तेव्हा कॉलेजची वही होती. रेणुभारावरून मी हिशेब मांडला. अडीचशे ग्रॅम मोरचुदाला छप्पन्न ग्रॅम चुना पुरतो, म्हणजे किलोला पाव किलोसुद्धा नको. किलोला किलो म्हणजे शुद्ध उधळपट्टी, असं मला वाटलं. दादांना रसायन कुठं माहीत? मी किलोला पाव घातला. पाणी दिसायला सुरेख, आभाळी झालं. गडी पंप सुरू करून उभे होते. विळा राहून गेला. घाईत राहून गेला, असं मी आजवर स्वतःला सांगत आले.

चुना जुना होता. मी घरून नेलेलं पोतं फुटलेलं, कितीतरी दिवस हवा खाल्लेलं. तसला चुना चुना राहत नाही, अर्धामुर्धा खडू होतो, हे मला पुस्तकानं शिकवलं होतं, पण समोरचं पोतं बघायला शिकवलं नव्हतं. चुन्यानं न मेलेलं, मोकळं राहिलेलं तांबं पाल्यावर बसलं. चार दिवसांत शेंडे करपले, कोवळ्या फळांवर खरबरीत काळे चट्टे उठले. मालक आपल्या अंगणात आले तेव्हा त्यांच्या हातात दोन डाळिंबं होती. ती त्यांनी ओट्यावर ठेवली. तुम्ही माझ्याकडं वळून विचारलंत, "विळा बुडिवला हुता का?"

मी म्हणाले, "हो दादा, बुडवला होता."

तुम्ही पळभर माझ्याकडं पाहिलंत. मग मालकांना म्हणालात, "चूक माझी हाय. चुना जुना हुता, माप मी सांगितलेलं."

त्यानंतर त्या बागेत तुम्हाला कुणी बोलावलं नाही. मग शेजारच्यांनी नाही, मग त्यांच्या शेजारच्यांनी नाही. बाजारात तुम्हाला बघून कुणी म्हणायचं, मोरचूदवाले आले, झाडं झाका. हसत म्हणायचे, म्हणून तुम्हीही हसायचात. नाव तेच, अक्षरं तीच, पण चहा मिळायचा बंद झाला. तुम्ही खुरांचं औषध करीत राहिलात, खोडाला लेप लावायची कामं केलीत, शिर्डीला एका हॉटेलच्या पाण्याच्या टाक्या साफ केल्यात. माझी फी एकदाही थांबली नाही. मी पास झाले, नोकरीला लागले, लग्न झालं, आणि तुम्ही गेलात. ह्या एवढ्या वर्षांत त्या शनिवारबद्दल आपण दोघं एक अवाक्षर बोललो नाही. पुढं लॅबमध्ये उभी असताना एकदा माझ्या डोक्यात लख्खकन आलं. मी विळा बुडवला असता तर पातं लाल झालं असतं. लाल झालं असतं तर मी चुना घातला असता आणि बाग करपली नसती. म्हणजे माझं 'हो'च मला खोटं पाडत होतं. तुम्हाला ते तिथल्या तिथं कळलं असणार. की तुम्हाला वाटलं, पोरीनं बुडवला पण तिला बघता आलं नाही? तेव्हापासून ह्या प्रश्नानं, खरं सांगायचं तर, मला फार छळलंय.

पाटीच्या निमित्तानं परवा राहात्याला गेले. बाजारपेठेतलं ते खतं-औषधांचं दुकान आठवतं ना, तुमचं नेहमीचं? आता मुलगा बसतो, पण म्हातारे मालक कोपऱ्यात खुर्चीवर असतात. म्हटलं, ह्यांनी जन्मभर मोरचूद विकलंय, ह्यांना आणखी नावं माहीत असतील. त्यांनी मला लगेच ओळखलं. नावं विचारली तर म्हणाले, नावं कसली, मोरचूद म्हटलं की आमाला तुझा बाप आठवतो. आणि मग आपण होऊन सांगायला लागले. बाग करपली त्याच महिन्यात तुम्ही दुकानात गेला होतात. घरच्या पोत्यातला उरलेला चुना तुम्ही जोखून पाहिला होता, आणि मी किती घातला ते तुम्हाला पक्कं कळलं होतं. दुकानात तुम्ही नवं पोतं फोडायला लावलंत. ताज्या कळीच्या चुन्याचा पाव किलो मोजून घेतलात, किलोभर मोरचूद घेतलंत, आणि मागच्या अंगणात बादल्यांमध्ये कालवलंत. दुकानातली सुरी घासून आत धरलीत. म्हातारे म्हणाले, आमी दोगं बघत बसलो, पन लाल काय चढंना.

मी विचारलं, मग दादा काय म्हणाले?

"म्हनला, पोरीनं विळा बुडिवला न्हाई, पन तिचं गनित बरुबर हाय. लई खुश झाल्ता. मी म्हनलं, मंग जा की बागंच्या मालकाकडं, सांग त्याला. तर म्हनला, काय सांगू? शिकल्याली पोरगी बाग जाळून बसली आसं गाव म्हनंल, आन उद्या दुसरं कोन आपली पोर शिकाया धाडंल का? माजं काय, मी मोरचूदवाला. ह्ये नाव धुऊन जात न्हाई."

मी तिथंच एका युरियाच्या गोणीवर बसले. म्हाताऱ्यांनी चहा मागवला. मी रडले, सरळ रडले, गिऱ्हाइकांसमोर. मुलगा बिचारा गोंधळून काउंटरवरचं पुसलेलंच पुन्हा पुसत बसला. तर दादा, माझ्या प्रश्नाचं उत्तर मिळालं. तुम्हाला सगळं ठाऊक होतं, मापसुद्धा. मला एवढंच कळत नाही, की गणित बरोबर निघालं हे तुम्ही मला का सांगितलं नाहीत. सांगितलं असतंत तर मी काय ते बोलून मोकळी झाले असते. कदाचित तुम्ही मी बोलायची वाट बघत असाल, आणि मी तुमची. बापलेकीची ही कसली तऱ्हा, देव जाणे.

पाटीवर मी पाचही नावं लिहिली. साहेब कुरकुरले, पण लावली. हे पत्र कुठं टाकायचं हा प्रश्नच नाही, ते तुम्ही बांधून दिलेल्या वहीत ठेवणार आहे. एक गोष्ट मात्र त्या दुकानदारांना माहीत नव्हती, म्हणजे तुम्हालाही नसणार, कारण ती बादलीत कालवून कळण्यासारखी नव्हती. मी विळा विसरले नव्हते. टिपाच्या काठावर तो घासून ठेवलेला होता, माझ्या हाताशी. पंपावरचे दोघं गडी माझ्याकडं बघत होते, आणि मला वाटलं, कॉलेजात शिकणारी पोरगी बापासारखी विळा बुडवून बघतेय म्हणून हे हसतील. मला तेव्हा तुमची लाज वाटत होती, दादा.